मुभा नको, मुखत्यारी हवी

पडद्यावरची वयस्क बाई आता बदलली, तेव्हा जुनं रडगाणं पुरे, असा सूर हल्ली ऐकू येतो. त्यात तथ्य आहेच. १९९०च्या ‘अग्निपथ’मध्ये रोहिणी हट्टंगडी अमिताभ बच्चन यांची आई झाल्या, तेव्हा त्या या ‘मुला’पेक्षा साडेआठ वर्षांनी लहान होत्या. त्याच हट्टंगडी २०२३मध्ये ‘बाईपण भारी देवा’त मंगळागौरीच्या स्पर्धेत उतरणाऱ्या सहा बहिणींपैकी एक होतात, आणि बायका घोळक्याने, नटूनथटून तो चित्रपट बघायला जातात. ‘पोक्त बायकांची गोष्ट बघणार कोण?’ ही निर्मात्यांची सबब गल्ल्यानेच खोडून काढली. पण गर्दीवरून बदल मोजणारे एक प्रश्न टाळतात: गोष्टीत निर्णय कोणाचा?

‘अग्गंबाई सासूबाई’मधल्या आसावरीचं उतारवयातलं लग्न मालिकांच्या मानाने धाडसाचंच. मात्र त्यासाठी कंबर कसते ती सून शुभ्रा. आसावरी स्वतः बराच काळ सासऱ्यांच्या आणि मुलाच्या धाकात वावरते. म्हणजे बंधन घरच्यांचं, आणि सुटकाही घरच्यांनीच दिलेली. यावर ‘समाजच असा आहे, मालिका काय करणार?’ असं म्हटलं जातं. ‘बधाई हो’ (२०१८) याला परस्पर उत्तर देतो. नीना गुप्तांची प्रियंवदाही मध्यमवर्गीय घरातलीच. मोठ्या मुलाला आईच्या गरोदरपणाची लाज वाटते, शेजारीपाजारी कुजबुजतात. तरी मूल ठेवायचं हे ती ठरवते, आणि घर तिच्यामागून शहाणं होतं. समाज दोन्हीकडे तोच. फरक लेखकाच्या हिमतीचा.

दुसरा आक्षेप कलेच्या नावाने येतो: नटाला वय नसतं. ‘सांड की आँख’ (२०१९) साठीनंतर नेमबाजी शिकलेल्या चंद्रो आणि प्रकाशी तोमर यांच्यावर बेतलेला. भूमिका मिळाल्या तिशीच्या आसपासच्या भूमी पेडणेकर आणि तापसी पन्नू यांना. कथेत त्यांचं तरुणपणही आहे, हे मान्य. पण बंदूक हाती येते ती साठीत, आणि चित्रपट उभा आहे तो त्याच पर्वावर. शिवाय नटाला वय नसेल, तर साठीच्या अभिनेत्रीला तिशीची नायिका का मिळत नाही? हा नियम एकाच दिशेने चालतो, म्हणून ती कला नव्हे, सोय आहे.

तेव्हा वयस्क बाईला नाचू द्या, सहलीला जाऊ द्या, एवढ्याने भागत नाही. तिच्या वयाच्या अभिनेत्रीला तिची भूमिका मिळावी, आणि त्या भूमिकेला घरच्यांच्या होकाराआधी निर्णय घेता यावा. तो चुकला तर चुकीची धनीही तीच असावी.