रिमाबाईंना आईच कुणी केलं?

१८ मे, अभिनेत्री रिमा लागूंचा स्मृतिदिन. या आठवड्यात वाहिन्यांनी पुन्हा तेच लावलं: ‘पडद्यावरची लाडकी आई’. या बिरुदाने माझं डोकं फिरतं.

त्यांचा जन्म १९५८चा. ‘मैंने प्यार किया’ आला डिसेंबर १९८९ मध्ये. सलमान खानची आई झाल्या तेव्हा वय अवघं एकतीस! दहा वर्षांनी ‘वास्तव’. त्यात त्यांचा मुलगा झालेला संजय दत्त त्यांच्याहून जेमतेम वर्षभराने लहान. तरी शेवटी ही आई पोटच्या पोराला गोळी घालते, तेव्हा वयाचा हिशेब कुणाच्या मनातही येत नाही. ही ताकद बाईंची. पडद्याने मात्र त्यांना आईपलीकडे फारसं काही दिलं नाही.

आता जर्मनीच्या अभिनेत्री हानेलोरे होगर पाहा. १९६८ मध्ये व्हेनिसला गोल्डन लायन मिळवणाऱ्या अलेक्झांडर क्लूगेंच्या चित्रपटाच्या त्या नायिका. पण घरोघरी पोचल्या १९९४ मध्ये, पंचावन्नाच्या उंबरठ्यावर, ‘बेला ब्लॉक’ या टीव्ही मालिकेतून. बेला म्हणजे हॅम्बुर्गची पोलीस अधिकारी. तपास तिचा, निर्णय तिचा, प्रेमप्रकरणही तिचंच. २०१८ मध्ये मालिका संपली तेव्हा होगरबाई अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या होत्या.

त्याच १९९४ मध्ये आपल्याकडे ‘तू तू मैं मैं’ सुरू झाली. रिमाबाई पस्तिशीत, आणि सासू! सून झालेल्या सुप्रिया पिळगावकर त्यांच्याहून नऊ वर्षांनी लहान. जोडी झकास जमली, मीही पोट धरून हसलो. पण ज्या वयात होगरबाईंना बेलाची भूमिका मिळाली, त्याच्या जवळजवळ वीस वर्षं आधीच आपण रिमाबाईंना सासू करून मोकळे झालो.

मराठी रंगभूमीने त्यांना असं कोंडलं नव्हतं. ‘सविता दामोदर परांजपे’मध्ये मेलेल्या बाईने झपाटलेली कुसुम त्या करत. एकाच देहात दोन बायका उभ्या करायच्या, त्याही प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत. पण आम्हा हिंगोलीकरांनी हे पाहावं कुठे? मुंबईची नाटकं नांदेडपर्यंत येतात आणि तिथूनच माघारी फिरतात, हे मी कितीदा लिहिलं! आमच्या वाट्याला फक्त टीव्ही आला, आणि टीव्हीवरची सासू.

जिल्ह्यातल्या हौशी नाट्यमंडळींना कळकळीची विनंती आहे. पुढच्या १८ मेला आईची गाणी लावू नका. ‘सविता दामोदर परांजपे’ बसवा, आणि कुसुमची भूमिका चाळिशी ओलांडलेल्या बाईला द्या.