खजिन्याची पेटी उघडल्यावर



आठवीच्या वर्गात मराठीचा तास चालू होता. मी फळ्यावर समानार्थी शब्द लिहीत होतो. मागच्या बाकावरचा एक मुलगा मान खाली घालून अगदी गुपचूप बसला होता. मुलगा इतका शांत असला की कोणत्याही शिक्षकाला संशय येतो. जवळ जाऊन पाहिले, तर मांडीवर एक पुस्तक उघडे! मुखपृष्ठावर दाट जंगल, एक पडका दरवाजा आणि हातात मशाल घेतलेली दोन मुले. मी पुस्तक काढून घेतले. मधल्या सुट्टीत एक सहकारी शिक्षक म्हणाले, "सर, परत देऊ नका. असल्या पुस्तकांनीच मुले बिघडतात. अभ्यास राहतो बाजूला आणि डोक्यात खजिना शिरतो."

त्या रात्री मी ते पुस्तक वाचायला घेतले. जेवणासाठी आतून तीन वेळा हाक आली, तेव्हा उठलो. दुसऱ्या दिवशी मी पुस्तक त्या मुलाला परत दिले. मराठीच्या तासाला चोरून का होईना, पण मराठीच वाचणारा मुलगा! त्याला शिक्षा कशी करणार?

माझे मत स्पष्ट आहे. हरवलेली शहरे आणि पुरलेले खजिने यांच्या गोष्टी मुलांनी जरूर वाचाव्यात. भा. रा. भागवतांनी ज्यूल व्हर्नच्या साहसकथा मराठीत आणल्या आणि 'फास्टर फेणे'ही लिहिला. त्या पुस्तकांनी कितीतरी मुलांना वाचनाची गोडी लावली. आपल्याला तर एक सोयही आहे. खजिना, नकाशा, शहर, संदूक, दौलत, कुलूप हे शब्द मराठीत आले ते फारसी-अरबीतून. 'कुलूप' म्हणजे आपले 'कुफ्ल'च. म्हणजे अशी गोष्ट हातात घेतली की तिच्यातले निम्मे सामान उर्दू शिकणाऱ्या मुलाच्या ओळखीचे असते.

पण या पुस्तकांशी माझे एक भांडण आहे. नकाशा सापडतो, भुयार सापडते, पेटी उघडते, हिरेमाणके चमकतात, आणि गोष्ट संपते. खरे पाहिले तर पेटी उघडल्यावरच गोष्ट सुरू व्हायला हवी.

असे मी का म्हणतो? त्यासाठी आपण दूर जायला नको. वाशिमलाच जाऊ.

एस. टी. स्टँडवर उतरलेल्या माणसाला हे कोणे एके काळी राजधानीचे शहर होते असे सांगितले, तर तो हसेल. पण ते खरे आहे. सुमारे सोळाशे वर्षांपूर्वी येथे वाकाटक घराण्याच्या एका शाखेची राजधानी होती. तेव्हा शहराचे नाव होते वत्सगुल्म. गंमत अशी की शंभर वर्षांपूर्वी ही शाखाच कोणाला माहीत नव्हती. राजे गेले, वाडे गेले, आणि नावेही विसरली गेली. कादंबरीकाराला याहून चांगले 'हरवलेले शहर' कोठे मिळणार?

१९३९ साली वाशिमला चार ताम्रपट उजेडात आले. ताम्रपट म्हणजे ज्यावर राजाची आज्ञा कोरली आहे असा तांब्याचा पत्रा. सोने नाही, चांदी नाही, एकही हिरा नाही. एखाद्या कादंबरीतल्या चोराने ती पेटी उघडली असती, तर कपाळावर हात मारून घेतला असता. मोडीत घातले असते, तर त्या तांब्याचे किती पैसे आले असते? पण त्यावर अक्षरे होती. काही मजकूर संस्कृत, बराचसा प्राकृत. विंध्यशक्ती नावाच्या राजाने आपल्या कारकिर्दीच्या सदतिसाव्या वर्षी एका गावाचे दान दिले होते. दान देताना त्याने वडिलांचे आणि आजोबांचे नाव सांगितले होते. वडिलांचे नाव सर्वसेन.

या एका नावाने काय केले पाहा. अजिंठ्याच्या १६ क्रमांकाच्या लेण्यात एक मोठा शिलालेख आहे. हरिषेण राजाचा मंत्री वराहदेव याने ते लेणे करविले. लेखात राजाची वंशावळ आहे, पण दगड झिजल्यामुळे अक्षरे पुसट झाली आहेत. आधीच्या विद्वानांनी एका ठिकाणी चुकून दुसरेच नाव वाचले होते. वाशिमचे ताम्रपट वाचल्यावर नागपूरचे प्राध्यापक वासुदेव विष्णु मिराशी यांनी तो शिलालेख पुन्हा तपासला, आणि तेथे 'सर्वसेन' हे नाव असल्याचे दाखवून दिले. वाशिमची किल्ली अजिंठ्याच्या कुलपाला लागली! अजिंठ्याची ती सुंदर लेणी ज्याच्या काळात खोदली गेली, तो हरिषेण वाशिमच्या शाखेचा राजा होता हे जगाला कळले. मिराशींचे हे काम १९४१ साली निजाम सरकारच्या पुराणवस्तू खात्याने छापले. त्या खात्याची उभारणी गुलाम यज़दानी यांनी केली होती. अजिंठ्याच्या चित्रांवरचे त्यांचे मोठमोठे ग्रंथ आजही अभ्यासक उघडतात. नागपूरचे पंडित आणि हैदराबादचे खाते मिळून वाशिमच्या तांब्याचा अर्थ लावत होते, हे मला कोणत्याही कादंबरीपेक्षा कमी रोमांचक वाटत नाही.

आपल्या उर्दूतल्या जुन्या दास्तानींना हे गुपित ठाऊक होते. 'तिलिस्म-ए-होशरुबा'चे नाव तुम्ही ऐकले असेल. दास्तानीतला तिलिस्म तलवारीने फुटत नाही. त्यासाठी 'लौह' लागते. मराठीत 'लोह' म्हणजे लोखंड, ते वेगळे. ही लौह म्हणजे लिहिलेली पाटी. नायकाने ती हातात घ्यायची, तिच्यावर काय लिहिले आहे ते नीट वाचायचे आणि मगच पुढे पाऊल टाकायचे. जो न वाचता पुढे गेला, तो अडकला. वाशिमचे चार पत्रे म्हणजे आपली लौह नाही तर काय?

आता दुसरी तक्रार. या पुस्तकांत शहर 'हरवलेले' असते, आणि ते शोधायला बाहेरचा कोणीतरी येतो. गावातली माणसे फक्त वाट दाखवतात, ओझी उचलतात किंवा घाबरून पळतात. अजिंठ्याचेच पाहा. २८ एप्रिल १८१९ रोजी जॉन स्मिथ नावाचा इंग्रज अधिकारी शिकारीला गेला असताना त्याला लेणी दिसली. त्याने १० क्रमांकाच्या लेण्यातल्या खांबावर आपले नाव आणि तारीख कोरली. तेव्हापासून 'अजिंठ्याचा शोध १८१९ मध्ये लागला' असे आपण पाठ करतो. आसपासच्या खेड्यांतल्या गुराख्यांना ती लेणी काय माहीत नव्हती?

वाशिमही कधी हरवले नव्हते. 'वत्स'चे प्राकृतात 'वच्छ' झाले, आणि या भागातल्या काव्यरीतीला 'वच्छोमी' म्हणू लागले. अबुल फज़लने 'आईन-ए-अकबरी'त वऱ्हाड सुभ्यातल्या सरकारांची नावे दिली आहेत. त्यांत 'बासिम' आहे. इंग्रजांच्या कागदांतही बासिमच. तेव्हा तो जिल्हाही होता. १९०५ साली तो जिल्हा मोडला, वाशिम अकोला जिल्ह्यात गेले आणि १ जुलै १९९८ रोजी पुन्हा वाशिम जिल्हा झाला. राजधानी विसरली गेली खरी, पण नाव लोकांच्या तोंडी झिजत झिजत चालत राहिले. त्या नावात राजधानीचे नाव दडले आहे हे मात्र कोणी वाचत नव्हते.

मोठ्या माणसांनीही कादंबरीतल्यासारखा विचार केला की काय होते, त्याचे उदाहरण आफ्रिकेत आहे. रायडर हॅगर्ड या इंग्रज लेखकाने १८८५ साली 'किंग सॉलोमन्स माइन्स' ही कादंबरी लिहिली. सॉलोमन म्हणजे हज़रत सुलेमान. नकाशा घेऊन आफ्रिकेच्या अंतर्भागात हिरे शोधायला निघालेल्या गोऱ्या माणसांची ती गोष्ट आहे. त्याच काळात झिंबाब्वे येथील जुन्या दगडी शहराबद्दल गोरे लोक म्हणत होते की हे काम सुलेमानच्या किंवा मलिका बिल्किसच्या लोकांचे असणार. तेथे चुना न वापरता रचलेल्या सुमारे ३५ फूट उंच भिंती आहेत. आफ्रिकेतल्या माणसांनी त्या बांधल्या यावर त्यांचा विश्वास बसेना. सोने शोधण्यासाठी एक कंपनीच निघाली. अवशेषांत मिळालेले दागिने वितळवले गेले. पुढे १९०२ ते १९०४ या काळात रिचर्ड हॉल नावाच्या माणसाने तेथे खोदकाम केले. वरचा थर 'काफिरांचा कचरा' आहे असे समजून त्याने तो कित्येक फूट खोल काढून फेकून दिला. त्या मातीतच शहराचा इतिहास होता! १९२९ साली गर्ट्रूड केटन-थॉम्प्सन या विदुषीने उरलेल्या जागी काळजीपूर्वक खोदून सिद्ध केले की ते शहर आफ्रिकी लोकांनीच बांधले होते. १९८० साली स्वतंत्र झालेल्या देशाने त्याच अवशेषांचे नाव घेतले. पण फेकलेली माती कोण परत आणणार?

हॉलवर रागावताना मला थोडी लाजही वाटते. सातवीत असताना मी असेच एक पुस्तक वाचले होते. सुट्टीत आम्ही चौघे मित्र गावाबाहेरच्या एका पांढरीच्या टेकाडावर गेलो. बरोबर आईची खुरपी होती. दोन दिवस खोदले. सोने काही निघाले नाही. निघाले ते खापराचे तुकडे. काही काळे, गुळगुळीत, तर काही तांबडे आणि नक्षीचे. आम्ही ते एकेक करून नाल्यात भिरकावले. कोणाचा दगड लांब जातो याची शर्यतच लागली. अनेक वर्षांनी कळले की संशोधक वसाहतीचा काळ ओळखतात तो अशाच खापरांवरून. कोणते खापर कोणत्या थरात होते, यावरून कोण कधी राहत होते हे ठरते. आम्ही दोन दिवसांत त्या टेकाडाची किती पाने फाडली, कोणास ठाऊक!

आम्ही निदान मुले होतो. मोठी माणसे गुप्तधनाच्या नादाने अमावास्येच्या रात्री जुन्या भिंती, बारवा आणि कबरी फोडतात. मांत्रिक पैसे उकळतो. यापायी माणसांचे जीवही गेले आहेत. अशा अघोरी प्रकारांविरुद्ध महाराष्ट्राने २०१३ साली कायदा केला. जमिनीत काही सापडले तर काय करायचे, याचा कायदा मात्र फार जुना, १८७८ चा आहे. सापडलेली वस्तू दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीची असेल, तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवावे लागते. दहा रुपये! कादंबरीच्या शेवटी हे कलम कोणी छापत नाही.

नीट खोदले तर काय मिळते, तेही सांगतो. शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यात सिंदखेडराजा येथे लखुजी जाधव यांच्या समाधीजवळ २०२४ साली पुरातत्त्व खात्याचे काम चालू होते. आधी दगडांची एक रचना दिसली. हळूहळू माती काढत गेल्यावर खाली शेषशायी विष्णूची मोठी मूर्ती निघाली. पहारीने घाव घातले असते, तर तिचे तुकडे हाती आले असते.

वाशिमचा एक खजिना मात्र अजून हरवलेलाच आहे. त्या सर्वसेन राजाने 'हरिविजय' नावाचे काव्य लिहिले होते, आणि तेही प्राकृतात. ज्या महाराष्ट्री प्राकृतातून आपली मराठी आली, त्या भाषेत! मोठमोठ्या पंडितांनी त्याची स्तुती केली आहे. त्यांच्या ग्रंथांत त्यातले थोडे श्लोक उरले आहेत, पण संपूर्ण पोथी कोठेही मिळालेली नाही.

हे मी आठवीच्या वर्गात सांगितले, तेव्हा तो मागच्या बाकावरचा मुलगा उभा राहिला. "सर, ती पोथी आता कुठे मिळणार? वाळवीने खाल्ली असेल."

मी त्याला आपल्याच जिल्ह्यातल्या कारंज्याची गोष्ट सांगितली. तेथल्या जैन मंदिरांच्या भांडारांत शेकडो वर्षांच्या पोथ्या कापडात बांधून जपलेल्या होत्या. अमरावतीच्या कॉलेजात शिकवणारे हिरालाल जैन त्या वाचायला बसले, आणि १९३० नंतरच्या काही वर्षांत हजार वर्षांपूर्वीची अपभ्रंश भाषेतली काव्ये तेथील पोथ्यांवरून छापून निघाली. त्यात पुष्पदंत नावाच्या महाकवीची काव्येही होती. भुयार नाही, साप नाही, मशाल नाही. फक्त एक पेटी, आणि ती वाचू शकणारा माणूस.

तास संपल्यावर तो मुलगा माझ्या मागे मागे आला. त्याच्या घरी माळ्यावर पणजोबांची एक लोखंडी ट्रंक आहे म्हणे. आत जुने कागद आहेत. "अक्षरे आपलीच वाटतात सर, पण वाचता येत नाहीत." फारसी असावी, आणि तीही शिकस्ता, म्हणजे घाईची मोडकी लिपी. मलाही ती अडखळतच वाचता येते. घरात रंगकाम निघाले आहे, आणि कागद रद्दीत द्यायचे असे त्याच्या चाचांचे म्हणणे आहे. मी त्यांना निरोप पाठवला आहे की रविवारपर्यंत थांबा. ट्रंकेची किल्ली दादीजवळ आहे.