नोंद कोणाच्या शब्दांत?

सातारच्या राजवाड्यातील त्या वेळच्या गव्हर्नमेंट हायस्कुलात ७ नोव्हेंबर १९०० रोजी एका मुलाचे नाव दाखल झाले. रजिस्टरातील क्रमांक १९१४, नाव भिवा रामजी आंबेडकर. आजच्या प्रतापसिंह हायस्कूलमधील हे पान आम्हा सर्वांचे प्रेरणास्थान आहे आणि २०१७ पासून राज्य शासन हा दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळते. उद्या हे पान संगणकावर चढवायचे ठरले तर त्याखाली नाव काय लिहायचे? नुसते ‘भिवा’ लिहिले तर ‘डॉ. भीमराव आंबेडकर’ शोधणाऱ्या विद्यार्थ्याला ते सापडणार नाही. नुसते ‘डॉ. भीमराव’ लिहिले तर रजिस्टरात नसलेले नाव आपण रजिस्टराच्या तोंडी घातले.

प्रश्न क्षुल्लक वाटेल, पण चळवळीच्या कागदपत्रांचे भवितव्य त्यावर अवलंबून आहे. सातारा-सांगलीच्या वस्त्यावस्त्यांत कोणाच्या माळ्यावर, कोणाच्या लोखंडी ट्रंकेत, कुठे विहाराच्या कपाटात परिषदांची हस्तपत्रके, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनच्या पावत्या, जलसाकारांच्या वह्या, धर्मांतराच्या काळातले फोटो आणि वतनी जमिनीचे अर्ज पडून आहेत. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेचे पाणी सांगलीत शिरले, जुलै २०२१ मध्ये पुन्हा शिरले. भिजलेला कागद वाळवता येतो, लगदा झालेला नाही. म्हणून तरुण कार्यकर्ते मोबाईलवर फोटो काढून ठेवू लागले आहेत, त्यांचे आम्ही अभिनंदन करतो. परंतु हजार फोटोंना हजार आकडी नावे, आणि कशात काय आहे हे फक्त काढणाऱ्यालाच ठाऊक, ही स्थिती ट्रंकेपेक्षा फार बरी नाही. ट्रंकेत काय आहे ते निदान घरच्या आजीला तरी माहीत असते.

जगभरातील दफ्तरखान्यांनी यासाठी एक मानक ठरवले आहे. एन्कोडेड आर्कायव्हल डिस्क्रिप्शन, थोडक्यात ईएडी. अमेरिकेत बर्कले विद्यापीठात १९९३ साली त्याचे काम सुरू झाले, १९९८ साली पहिली आवृत्ती निघाली, २००२ साली दुसरी आणि २०१५ साली तिसरी. हे व्यक्तीचे नाव, हे गावाचे, ही तारीख, हा मजकुराचा गोषवारा, अशी वर्णनातील प्रत्येक भागाला खूण घालायची, म्हणजे संगणकाला नेमके शोधता येते. संग्रह, त्याखाली मालिका, त्याखाली फाईल, त्याखाली सुटा कागद अशी त्याची उतरंड असते. उतरंड म्हटले की आमच्या कपाळावर आठी चढते. पण ही उतरंड कागदांची आहे, माणसांची नाही, आणि कागद वर-खाली हलवायला कोणत्याही शास्त्राची मनाई नाही.

या खुणा दीडशेच्या आसपास आहेत. त्या सगळ्या गावच्या कार्यकर्त्यापुढे टाकल्या तर तो लॅपटॉप मिटून निघून जाईल. म्हणून मानक आपल्या मापाने बेतून घ्यावे लागते. दहा-बारा खुणा सक्तीच्या, बाकी ऐच्छिक, आणि कोणत्या रकान्यात कोणते शब्द चालतील याची यादी आधी ठरलेली. मात्र उत्साहाच्या भरात स्वतःच्या नव्या खुणा काढू नयेत. तसे केले की आपले वर्णन फक्त आपलाच संगणक वाचतो. नागपूरच्या किंवा लंडनच्या संशोधकाच्या शोधात ते येतच नाही. पुन्हा गावकुसाबाहेर जाण्याची आमची तयारी नाही. तिसऱ्या आवृत्तीत ‘लोकल टाईप’ नावाची सोय आहे. खूण जगाची, तिच्यावरचा खुलासा आपला.

हा खुलासा आपणच का करायचा, ते सरकारी दफ्तर उघडले की कळते. १८७१ च्या कायद्याने माणसांच्या जमातीच गुन्हेगार ठरवल्या आणि तो शिक्का १९५२ पर्यंत टिकला. महार वतनाविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात विधेयक आणले. पुढे १९५८ साली वतन गेले, पण ते घालवणाऱ्या कायद्याच्या नावातही ‘इन्फिरियर’ हा शब्द राहिलाच. कनिष्ठ गाव वतने! ज्यांनी आमची नोंद केली त्यांचे शब्द विषयसूचीत जसेच्या तसे उतरले तर आमचा नातू आजोबांची अर्जी शोधताना ‘कनिष्ठ’ असे टाईप करणार काय?

काही मित्र म्हणतात, असले शब्द पुसूनच टाका. आम्हास हे मान्य नाही. तो शब्द पुरावा आहे. तो अवतरणात, कोणी व केव्हा लिहिला त्या माहितीसह राहू द्यावा, आणि शोधाचा शब्द म्हणून त्याशेजारी आपला शब्द यावा.

गावांचेही तसेच. अण्णा भाऊ साठे १९२० साली वाळवा तालुक्यातील वाटेगावी जन्मले तेव्हा तो तालुका सातारा जिल्ह्यात होता. १९४९ साली दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० साली त्याचे नाव सांगली झाले. जुन्या कागदावर सातारा, आजच्या नकाशावर सांगली; दोन्ही नावे वर्षांसह नोंदवली नाहीत तर अर्धे दफ्तर हरवल्यासारखेच. खुद्द अण्णा भाऊंचे मूळ नाव तुकाराम भाऊराव, म्हणजे तीही जोडणी आलीच. आणि आमच्या भगिनींचे काय? माहेरचे नाव एक, सासरचे दुसरे, फोटोखाली मात्र ‘व इतर महिला’. जी नावे आज ऐंशीच्या घरातील माणसांना आठवतात ती आजच विचारून घेतली पाहिजेत.

मोडीतील कागदांना मोडी अशीच खूण हवी. २०१४ पासून युनिकोडमध्ये मोडी आहे. मराठी वर्णन तर युनिकोडमध्येच हवे, जुन्या डीटीपीच्या फॉन्टात टाईप केलेला मजकूर शोधात सापडत नाही. आणि सगळेच कागद जगापुढे मांडण्याचे नसतात. अत्याचाराच्या प्रकरणातील पीडितेचे नाव, साक्षीदाराचा पत्ता यांना प्रवेश-निर्बंधाची खूण आमच्या बेतात सक्तीची असावी.

नोकऱ्या नाहीत, शिष्यवृत्त्या अडतात, आणि तुम्ही खुणा कसल्या घालता, असे कोणी विचारील. वतनाच्या जमिनीचा दावा लढणाऱ्याला विचारा, एक कागद वेळेवर न सापडल्याने काय होते. सुरुवातीला एक्सेलचा तक्ता पुरे आहे. रकाने ठरलेले असले की त्यातून ईएडीची फाईल तयार करता येते. शिवाजी विद्यापीठाच्या ग्रंथालयशास्त्र आणि इतिहास विभागांनी हा बेत चळवळीतील जाणत्यांसोबत बसून तयार करावा, अशी आमची मागणी आहे. विहारातील ट्रंक विद्यापीठाने उचलून न्यावी अशी मात्र नाही. कागद वस्तीचे आहेत, ते वस्तीतच राहतील.

आरंभ त्या रजिस्टराच्या पानाने करावा. मुख्य नाव: आंबेडकर, भीमराव रामजी, १८९१–१९५६. कागदावरील नाव: भिवा रामजी आंबेडकर. स्थळ: सातारा. दिनांक: ७ नोव्हेंबर १९००. नोंद करणाऱ्याचा रकाना कोणी भरायचा, ते दोन्ही जिल्ह्यांच्या कार्यकर्त्यांनी येत्या विद्यार्थी दिवसापूर्वी एकत्र बसून ठरवावे.