कुळाचे म्हणणे ऐकल्यावाचून

कुळाला शेतातून वा भाडेकरूला घरातून बाहेर काढावयाचे तर मालकाने न्यायालयाची पायरी चढावी, आणि न्यायालयानेही दुसऱ्या बाजूचे म्हणणे ऐकल्यावाचून हुकूम देऊ नये, हा नियम आज कोणासही साधा वाटेल. आपल्या सीमेला लागून असलेल्या जोयडा तालुक्यात तो कागदावर पूर्णांशाने आहे. व्यवहारात किती उतरतो, हा खरा प्रश्न.

उत्तर कन्नड जिल्हा १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होता. मामलेदाराच्या हुकमाखेरीज मालकाने कुळाच्या जमिनीचा ताबा घेऊ नये, असे १९४८ च्या मुंबई कुळकायद्याने बजावले होते. त्यापूर्वी कुळांची बाजू घेऊन उभ्या राहिलेल्या दिनकर देसाईंना परकी सरकारने जिल्ह्यातून हद्दपार केले होते. हा हक्क कोणी ताटात वाढून दिलेला नाही. पुढे देवराज अर्स यांच्या कारकीर्दीत, १ मार्च १९७४ पासून, कुळवहिवाटीच्या जमिनी सरकारकडे घेऊन कसणाऱ्यांच्या नावे करण्याची तरतूद झाली. त्याच कायद्याच्या १३३ व्या कलमान्वये, 'मी कूळ आहे' असा बचाव प्रतिवादीने घेतला की दिवाणी न्यायालयाने दावा थांबवून तो प्रश्न भूमी न्यायाधिकरणाकडे पाठवावयाचा असतो. मात्र त्या न्यायाधिकरणापुढे वकिलांस मज्जाव होता. हेतू चांगला, परंतु शिकलेल्या मालकाचे वकिलावाचून अडत नाही, निरक्षर कुळाचे अडते, हे कायदेकर्त्यांना सुचू नये याचे नवल वाटते. सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी १९८७ साली रद्द केली. कुळांच्या अर्जांची ३० जून १९७९ ही मुदत तोवर केव्हाच उलटली होती.

घराचा वा दुकानाचा मामला निराळा, आणि आज अधिक निकडीचा. भाडेकरूला समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत कैफियत द्यावी लागते. न्यायालय ती मुदत ९० दिवसांपर्यंत वाढवू शकते. तो गप्प बसला तर एकतर्फी हुकूमनामा होतो, आणि मग बेलिफ दारात उभा राहतो. समन्स रीतसर लागू झालेच नसेल तर हुकूमनामा कळल्यापासून ३० दिवसांत तो रद्द करून घेण्याचा अर्ज करता येतो. परंतु हे रामनगरच्या वा अनमोडच्या भाडेकरूला सांगणार कोण? घरात मराठी-कोकणी बोलणाऱ्या म्हाताऱ्याच्या हाती कन्नड वा इंग्रजी कागद पडतो. तो दाखवावा कोणाला या विचारातच निम्मी मुदत सरते.

१९८७ च्या कायद्याने स्त्रिया, अनुसूचित जाती-जमाती व अल्प उत्पन्नाचे लोक यांना मोफत वकील मिळतो. येथेही एक विचित्र गोष्ट आहे. गोव्यातील कुणबी २००३ पासून अनुसूचित जमातीत आहे. घाट ओलांडला की त्याचाच जोयड्यातला भाऊबंद त्या यादीत नाही. त्याला वकील हवा तर आधी उत्पन्नाच्या दाखल्यासाठी तालुका कचेरीत खेटे घालावे लागतात, आणि मुदत तर समन्साच्या दिवसापासूनच धावू लागलेली असते. ताबा मागणाऱ्या प्रत्येक दाव्याच्या समन्साबरोबर मोफत वकील कोठे मिळेल हे सांगणारी मराठी व कोकणी चिठ्ठी जोडावी, आणि दाखला मागाहून घेऊन वकील आधी द्यावा. कारवारच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाने एवढे मनावर घ्यावे.