एका जामीनदाराचा समुद्र

१९८३ साल म्हटले की माझ्या पिढीच्या डोळ्यांसमोर लॉर्ड्सची गच्ची आणि कपिलदेवच्या हातातला चषक येतो. त्याआधी, वर्षाच्या सुरुवातीला, आपला संघ वेस्ट इंडीजमध्ये मार खात होता. मी नुकताच बँकेत लागलो होतो. दुपारच्या सुटीत डबे उघडले की आम्ही चौघे वर्तमानपत्र एकमेकांच्या हातातून ओढून जमैकाचा, त्रिनिदादचा धावफलक वाचत असू. त्याच दिवसांत त्याच कॅरिबियन समुद्रात एक प्रचंड संहार सुरू झाला होता. आमच्या वाचनात त्यातली एक ओळही आली नाही. मरत होते ते काळे काटेरी गोळे. त्यांच्या मरणाची बातमी कोण छापणार?

आज चाळीसहून अधिक वर्षांनी तीच साथ पुन्हा फिरते आहे, आणि या खेपेला ती हिंदी महासागरापर्यंत पोहोचली आहे. म्हणून हा विषय.

इंग्रजीत या प्राण्याला सी अर्चिन म्हणतात. आपण त्याला समुद्री साळिंदर म्हणू. कॅरिबियनमधल्या जातीचे शास्त्रीय नाव डायडेमा अँटिलॅरम. लहानशा संत्र्याएवढे काळे शरीर आणि त्यावर चहूबाजूंनी वीत-वीतभर लांब, सुईसारखे पोकळ काटे. पायात मोडला तर माणूस दोन दिवस लंगडतो. त्याला आपल्यासारखे डोळे नाहीत, पण अंगावर सावली पडली की काटे नेमके त्या दिशेला वळतात. तोंड खालच्या बाजूला आणि त्यात पाच दातांचे एक यंत्र. ॲरिस्टॉटलने अशाच एका प्राण्याचे वर्णन करून ठेवले होते, म्हणून त्या यंत्राला ‘ॲरिस्टॉटलचा कंदील’ असे नाव पडले. दिवसा हा गडी कपारीत दडून बसतो, रात्री बाहेर पडतो आणि खडकावरचे शेवाळ खरवडून खातो. त्याचे सारे आयुष्य या खरवडण्यात जाते.

पण हे खरवडणे क्षुल्लक नाही. उथळ, उबदार समुद्रात प्रवाळ आणि शेवाळ यांची जागेसाठी कायमची मारामारी चालू असते. प्रवाळ मुंगीच्या गतीने वाढते, शेवाळ पावसाळ्यातल्या गवतासारखे. प्रवाळाच्या पिल्लाला रुजायला स्वच्छ, उघडा खडक लागतो. कोणीतरी रोज रात्री खडक साफ ठेवतो, म्हणूनच प्रवाळाची भिंत उभी राहते, तिच्या आसऱ्याला मासे राहतात, आणि वादळात किनाऱ्यावरच्या वस्तीवर येणारी लाट आधी त्या भिंतीवर फुटते.

जानेवारी १९८३ मध्ये पनामा कालव्याच्या कॅरिबियन तोंडाजवळ ही साळिंदरे मरताना प्रथम दिसली. आधी काटे लोळत पडायचे, मग गळायचे, आणि काही दिवसांत उरायचे ते नुसते कवच. साथ मुख्यतः सागरी प्रवाहांच्या वाटेने पसरली आणि साधारण वर्षभरात तिने जवळजवळ सारा कॅरिबियन, फ्लोरिडा आणि बर्म्युडापर्यंतचा समुद्र व्यापला. जिथे मोजदाद झाली तिथे शंभरातली ९३ ते ९९ साळिंदरे मेली होती. शेजारच्या इतर जातींना मात्र धक्काही लागला नाही. काहीतरी रोगजंतू असावा एवढेच तेव्हा शास्त्रज्ञांना सांगता आले.

सर्वांत वाईट दशा झाली जमैकाची. तिथल्या किनाऱ्यावर पिढ्यान्‌पिढ्या बेसुमार मासेमारी झाली होती. शेवाळ खाणारे मोठे पोपटमासे आणि त्यांचे भाऊबंद केव्हाच ताटात गेले होते. तरीही सत्तरच्या दशकात तिथले प्रवाळ पाहणाऱ्याला ठणठणीत दिसे, कारण माशांचे काम साळिंदरांनी अंगावर घेतले होते. १९८० मध्ये ‘ॲलन’ चक्रीवादळाने प्रवाळाची मोडतोड केली, तरी साफ खडकांवर नवी पिल्ले धरू लागली होती. मग साळिंदरे गेली.

इथे मला माझ्या नोकरीतली एक गोष्ट आठवते. एका तालुक्याच्या शाखेत असताना मी ११ कर्जे मंजूर केली, त्या सगळ्यांना जामीनदार एकच. गावातले निवृत्त शिक्षक. सगळे त्यांना गुरुजी म्हणत. हप्त्याचा दिवस आला की गुरुजी काठी टेकत प्रत्येकाच्या दारात जाऊन उभे राहायचे. वसुली शंभर टक्के. तपासणीला आलेल्या साहेबांनी माझ्या शाखेचे कौतुक केले आणि मीही ते खुशाल स्वीकारले. एका पहाटे गुरुजी गेले. दोन वर्षांत अकरापैकी आठ खाती थकली. कागदावर सारे नियमाप्रमाणे होते. पण ती खाती स्वतःच्या बळावर चालत नव्हती, एका म्हाताऱ्या माणसाच्या पायांवर चालत होती, हे मला त्यांच्या माघारी कळले. सही माझी होती.

जमैकाच्या समुद्राचे हेच झाले. टेरी ह्यूज या शास्त्रज्ञाने १९९४ मध्ये त्याचा हिशेब मांडला. सत्तरच्या दशकाअखेर तळाचा निम्म्याहून अधिक भाग जिवंत प्रवाळाने झाकलेला होता, तो पाच टक्क्यांच्याही खाली आला. शेवाळ सुमारे चार टक्क्यांवरून ९२ टक्क्यांवर गेले. प्रवाळाचे स्वतःचे रोग आणि तापते पाणी हेही पुढे कारणीभूत झाले, पण घर पोखरले गेले होते ते आधीच.

मग साळिंदरे पुन्हा का वाढली नाहीत? एक मादी लाखो अंडी सोडते, पण सोडते ती पाण्यात, आणि नरही बीज पाण्यातच सोडतो. जवळपास पुरेसे नर-मादी असतील तरच दोघांची गाठ पडते. विरळ झालेल्या जातीला आपली विरळताच मारते. नव्वदच्या दशकाअखेर जमैकाच्या काही उथळ खडकांवर ती परतली, तेव्हा तिथले शेवाळ हटले आणि प्रवाळाची पिल्ले कित्येक पटींनी जास्त दिसली. आशा वाटावी असे ते चित्र होते.

जानेवारी २०२२ मध्ये व्हर्जिन बेटांतल्या सेंट थॉमसजवळ साळिंदरे पुन्हा मरू लागली आणि काही महिन्यांत साथ अनेक बेटांवर गेली. या वेळी शास्त्र तयार होते. २०२३ मध्ये अमेरिकी संशोधकांनी गुन्हेगार शोधला: ‘फिलॅस्टर’ गटातला एक एकपेशीय, केसाळ सूक्ष्मजीव. निरोगी साळिंदरांना प्रयोगशाळेत त्याची लागण करून त्यांनी आरोप सिद्धही केला. दरम्यान भूमध्य समुद्रात डायडेमाची दुसरी जात, सेटोसम, मरू लागली होती. ती तिथे परकी, म्हणून कोणी फार हळहळले नाही. पण २०२३ मध्ये साथ तांबड्या समुद्रात, त्या जातीच्या मूळ घरात, उतरली आणि पुढे हिंदी महासागरातल्या रीयुनियन बेटापर्यंत पोहोचली. तीच सेटोसम जात आपल्या अंदमान-लक्षद्वीपच्या प्रवाळातही राहते.

उपाय काय चालले आहेत? फ्लोरिडा आणि पोर्टो रिकोत टाक्यांमध्ये साळिंदरांची पिल्ले वाढवून समुद्रात सोडली जातात. काम मोठ्या चिकाटीचे आहे, मला त्याबद्दल आदर आहे. पण माझ्यातला जुना बँकवाला अस्वस्थ होतो. मेलेल्या जामीनदाराच्या जागी पुन्हा एकच जामीनदार उभा करायचा, आणि तोही रोगाला बळी पडणारा? मला बेलीझचा मार्ग जास्त शहाणपणाचा वाटतो. त्या लहानशा देशाने २००९ मध्ये शेवाळ खाणारे मासे पकडायला बंदी केली. खडक साफ करणारी तोंडे अनेक असतील तर एक गेले तरी काम अडत नाही. मासे पोटासाठी पकडणाऱ्या कोळ्याला अशी बंदी जाचते, हे मान्य. त्याची भरपाई कोणी करायची, याचे उत्तर बंदी घालणाऱ्या सरकारांनी द्यायला हवे.

आपल्यापुरते एक काम आजच करता येण्यासारखे आहे. पनामाची साथ किती मोठी हे कळले, कारण काही शास्त्रज्ञांनी त्याआधीच्या वर्षांत साळिंदरे मोजून ठेवली होती. लक्षद्वीपात, अंदमानात ती आज किती आहेत आणि त्यांच्या जोडीला शेवाळ खाणारे मासे किती, ही मोजणी नेमाने व्हायला हवी. गुरुजी हयात होते तेव्हा मी एकदा तरी त्या अकरा खात्यांची नावे एका कागदावर लिहून पाहायला हवी होती. पाच मिनिटांचे काम होते.