घोडा सोड, मग प्रेम कर!

घोड्यावर जीव टाकणारी नायिका प्रेमकथेत आली की तिचं भविष्य पहिल्या पानावरच कळतं. ती हट्टी, मानी. मग 'तो' येतो, तिचा बिथरलेला घोडा एका हाताने आवरतो आणि दोन प्रकरणांत तिलाही. शेवटी लग्न ठरतं. घोड्याचं काय झालं, हे कुणी विचारत नाही. जणू पुरुष भेटेपर्यंत वेळ घालवायलाच तो बांधून ठेवला होता! अशा कथा बायकाही लिहितात, याचा जास्त राग येतो.

डेन्मार्कच्या लिस हार्टेलचंच बघा. १९४४ मध्ये गरोदर असताना तिला पोलिओ झाला. गुडघ्यांखाली पायांत शक्ती उरली नाही. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये ड्रेसाज, म्हणजे घोड्याला ठरावीक चालींत चालवून दाखवण्याची स्पर्धा, स्त्रियांना प्रथमच खुली झाली. लिसने पुरुषांच्या बरोबरीने उतरून रौप्यपदक मिळवलं. १९५६ मध्ये पुन्हा मिळवलं. पण आवडीने सांगितलं जातं ते काय? सुवर्णपदक जिंकलेल्या स्वीडिश स्वाराने तिला आधार देऊन पदकाच्या चौथऱ्यावर चढवलं, ते! त्याच्या सौजन्याबद्दल तक्रार नाही. पण कथा तिथे नाही. एरवी स्वार पायांच्या दाबाने घोड्याला इशारे देतो. लिसचे इशारे पाठीचे, बैठकीचे, शरीराच्या भाराचे. ज्युबिली नावाच्या तिच्या घोडीला ते कळत. ही जवळीक किती दिवसांच्या मेहनतीची असेल! आणि लिसला नवरा होता, मुलं होती. घोडी कुणाच्या जागी आलेली नव्हती.

तेव्हा लेखिका मैत्रिणींनो, नायिकेचे वाऱ्यावर उडणारे केस पुरे झाले. तिच्या नखांतली लीद लिहा, खराऱ्याने भरून आलेले दंड लिहा. घोड्याला ओकता येत नाही. पोटशूळ उठला तर जिवावर बेतू शकतं. डॉक्टर येईपर्यंत रात्री दोन वाजता ती त्याच्यापाशी उभी आहे. त्या वेळी नायक काय करतो? बॅटरी धरतो, की 'मी मोठा की घोडा?' म्हणून तोंड फुगवून झोपतो? प्रेम आहे की नाही, ते तिथे दिसू द्या. वैरणीचे, नालांचे पैसे कोण भरतं, तेही येऊ द्या. आणि घोडा कुणाच्या नावावर आहे, हे लग्नाच्या आधीच्या प्रकरणातच लिहून टाका.