डांग आणि डुट

17 ऑगस्ट 2022. जकार्ताचा राष्ट्राध्यक्षांचा राजवाडा, स्वातंत्र्यदिनाचा सोहळा. बारा वर्षांचा एक पोरगा जावानीज भाषेत डांगडुट गातो आणि बघता बघता सरकारी पाहुणे, मंत्रीसुद्धा, उठून नाचायला लागतात. ती चित्रफीत मी कितीदा पाहिली असेल!

गेंदांग या ढोलवाद्यावर थाप पडली की ‘डांग’, मग घसरता ‘डुट’. त्यावरून हे नाव पडलं, तेही चिडवायला. गरीब वस्तीतलं गाणं म्हणून. कान देऊन ऐकलं तर त्यात आपला तबला सापडतो. मलय आणि अरबी सुरांच्या जोडीला या मंडळींनी मुंबईच्या हिंदी सिनेमाची गाणी मनसोक्त उचलली. (चाली उचलण्यावर आपण तरी काय बोलावं?) 1970च्या दशकात रोमा इरामा यांनी त्यात इलेक्ट्रिक गिटार आणि धर्मोपदेश मिसळला आणि ते ‘डांगडुटचे राजे’ झाले.

मला बोलायचंय ते गायिकांबद्दल. गावाकडच्या लग्नात बाई गाते आणि पुरुष नोटा नाचवत स्टेजवर चढतात. तिकडे याला ‘सावेर’ म्हणतात. आपल्याकडे दौलतजादा हा शब्द आहे, त्यामुळे जास्त समजावायला नको. पूर्व जावातल्या अशाच स्टेजवरून इनुल दारातिस्ता वर आली. गिरमिट फिरावं तशी ती कंबर फिरवायची. बाजारातल्या चोरट्या व्हीसीडींनी तिला देशभर पोचवलं आणि 2003 मध्ये खुद्द रोमा इरामा तिच्यावर तुटून पडले. तिची बाजू घेतली ती माजी राष्ट्राध्यक्ष अब्दुर्रहमान वाहिद यांनी, जे स्वतः मोठे धर्मपंडित! पुढे हीच इनुल टीव्हीवरच्या गाण्याच्या स्पर्धांत परीक्षक म्हणून बसू लागली आणि तिच्या नावाची कराओके केंद्रंही निघाली.

म्हणजे सगळं सुरळीत झालं? 2018च्या जूनमध्ये विया वालेन या गायिकेने एका फुटबॉलपटूने पाठवलेला अश्लील संदेश चव्हाट्यावर आणला, तेव्हा एवढा गवगवा कशाला, असं म्हणणारे कमी नव्हते. डांगडुटवालीने कसली तक्रार करायची, हा सूर त्यामागे मला तरी स्पष्ट ऐकू येतो. दोन महिन्यांनी जकार्तात आशियाई खेळांचं उद्घाटन झालं. भरल्या स्टेडियममध्ये स्पर्धेचं अधिकृत गीत गायला उभी होती विया वालेनच.